बाळाचा चार्ट अपुरा असेल तेव्हा: नवख्या मेडिकल कोडरसाठी

मी आठ वर्षं लेबर रूममध्ये स्टाफ नर्स होते. आता सांगलीत विश्रामबागला घरी बसून अमेरिकेतल्या हॉस्पिटलांचे चार्ट कोड करते, म्हणजे रुग्णाच्या कागदांवर डॉक्टरांनी लिहिलेल्या निदानांना ठरलेले कोड देते. रविवारी सकाळी सात-आठ मुलं-मुली शिकायला येतात. कुणी बी. फार्म. झालेलं, कुणी मायक्रोबायोलॉजीचं, एक बीएचएमएस डॉक्टर, एक मुलगी कराडहून पहिल्या गाडीनं येते. सगळ्यांची गाडी एकाच ठिकाणी अडते, ती नवजात बाळाच्या चार्टवर. क्लासमध्ये सराव करायला मिळतो तो नीटनेटका, भरलेला चार्ट, आणि कामावर रुजू झाल्यावर पहिल्याच आठवड्यात समोर येतो तो अर्धा.

चार्ट अर्धा का राहतो, हे मला आतून माहीत आहे. रात्री तीन वाजता दोन बायका एकाच वेळी कळा देत असतात. एक बाळ रडत नाही म्हणून सगळे तिकडं धावतात. दुसऱ्या बाळाचं वजन मी कित्येकदा पेनानं तळहातावर लिहून ठेवलं आहे आणि तासाभरानं, हात धुवायच्या आधी, कागदावर उतरवलं आहे. रकाना रिकामा राहिला याचा अर्थ बहुतेक वेळा एवढाच, की त्या क्षणी हात बाळाजवळ होते. म्हणून रिकाम्या रकान्याबद्दल राग धरू नका. मात्र तो स्वतःच्या अंदाजानं भरूही नका. मी पुढं जे सांगणार आहे ते सगळं या एका गोष्टीभोवती फिरतं.

एक खुलासा आधी करते. हे नियम अमेरिकेतल्या आयसीडी-१०-सीएम या निदानांच्या कोड-संचाचे आहेत, जो तिथं १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू आहे. आपल्या सिव्हिलमध्ये किंवा मिरजेच्या दवाखान्यांत बाळं या संचानं कोड होत नाहीत. मी उदाहरणं इकडची देते, कारण ती डोळ्यांसमोर उभी राहतात. कोड मी देवनागरीत लिहिते आहे, स्क्रीनवर ‘झेड’, ‘पी’, ‘ओ’ ही इंग्रजी अक्षरं दिसतील.

पहिलं काम: चार्ट कुणाचा?

हसू नका, सगळ्यात जास्त चुका इथंच होतात. आई आणि बाळ एका खोलीत असले तरी कोडिंगमध्ये ते दोन वेगळे रुग्ण आहेत. पंधराव्या प्रकरणातले, म्हणजे ‘ओ’नं सुरू होणारे कोड फक्त आईच्या चार्टवर जातात. सोळाव्या प्रकरणातले ‘पी’चे कोड बाळाच्या चार्टवर जातात, आईच्या चार्टवर कधीच नाही. बाळंतपणाचा निकाल सांगणारा झेड३७ आईचा, जन्माची नोंद करणारा झेड३८ बाळाचा. किती आठवड्यांचा गर्भ होता हे सांगणारा झेड३ए हासुद्धा आईचाच. बाळाच्या चार्टवर झेड३ए टाकलेला मी दर महिन्याला कुणाच्या ना कुणाच्या वहीत खोडते.

नावावर जाऊ नका. अमेरिकेतही बाळाचं नाव लगेच ठेवलेलं नसतं, आपल्याकडं ‘अमकीचं बाळ’ लिहितात तसंच तिकडं असतं. जुळं असेल तर ‘ए’ आणि ‘बी’. जुळ्यांच्या चार्टवर प्रत्येक पानाचा नोंदणी क्रमांक बघा. ‘ए’च्या चार्टमध्ये ‘बी’चा रक्ताचा रिपोर्ट येऊन पडलेला मी पाहिला आहे. एका नोटमध्ये मुलगा आणि दुसऱ्या नोटमध्ये मुलगी लिहिलेली असेल, तर तिथंच थांबा. पान चुकीच्या बाळाचं असू शकतं, आणि मग त्यातलं एकही निदान तुमच्या बाळाचं नाही.

दुसरं काम: झेड३८

जन्माच्या चार्टवर मुख्य निदान म्हणून पहिला कोड झेड३८ गटातलाच असतो. बाळ कितीही आजारी असो, आधी जन्म, मग आजार. आणि हा कोड बाळाच्या आयुष्यात एकदाच लागतो, जिथं जन्म झाला त्या मुक्कामाच्या चार्टवर. बाळ दुसऱ्या हॉस्पिटलात हलवलं तर तिथं झेड३८ लागत नाही, ज्या आजारासाठी हलवलं तो पुढं येतो. इस्लामपूरला जन्मलेलं बाळ श्वासाच्या त्रासानं मिरजेला आणलं, असं समजा. मिरजेच्या कागदावर त्याचा जन्म पुन्हा होत नाही.

झेड३८ निवडायला तीन गोष्टी हव्यात: बाळं किती, जन्म कुठं, डिलिव्हरी कशी. एक बाळ, हॉस्पिटलात, नॉर्मल, तर झेड३८.००. सिझर असेल तर झेड३८.०१. जुळं नॉर्मल झेड३८.३०, जुळं सिझर झेड३८.३१. व्हॅक्यूम किंवा चिमटा लावून झालेली डिलिव्हरी योनीमार्गेच धरायची. तिथं ऑपरेशनसारखी नोट दिसते म्हणून सिझरचा कोड लावू नका.

आता अपुरेपणा. समजा, डिलिव्हरी कशी झाली हेच बाळाच्या चार्टवर नाही. नवी मुलं पटकन झेड३८.२ लावतात, कारण त्याच्या वर्णनात ‘अनिर्दिष्ट’ हा शब्द आहे. वर्णन पूर्ण वाचा. तिथं अनिर्दिष्ट आहे ती जन्माची जागा, डिलिव्हरीची पद्धत नव्हे. हॉस्पिटलात जन्मलेल्या बाळासाठी ‘पद्धत माहीत नाही’ असा कोड या गटात नाही. म्हणजे चार्टमध्ये शोधा, नाहीतर डॉक्टरांना विचारा, तिसरा रस्ता नाही.

शोधायचं कुठं? बाळाच्या दाखल होतानाच्या तपासणीच्या नोटमध्ये पहिल्या चार ओळींत पद्धत बहुधा सापडते. नाही तर जन्माच्या वेळी हजर असलेल्या बालरोगतज्ज्ञांच्या नोटमध्ये, नाही तर डिस्चार्ज समरीत. आईचा चार्ट तुम्हाला उघडता येत असेल, तरी तो दुसऱ्या रुग्णाचा आहे हे विसरू नका. तिथून पद्धत बघायला क्लायंटच्या लेखी नियमांत परवानगी आहे का, ते आधी तपासा. परवानगी असली तरी आईच्या चार्टवरून बाळाचं निदान उचलायचं नाही.

इथली माझी चूक सांगते. कोडिंगला लागून तिसराच महिना होता. बाळाच्या नोटमध्ये डिलिव्हरीची पद्धत नव्हती, पण आईच्या इतिहासात ‘आधीचं सिझर’ होतं. लेबर रूममध्ये मी इतक्या बायकांचं पहिल्यानंतर दुसरंही सिझरच झालेलं पाहिलं होतं, की माझा हात आपोआप झेड३८.०१ वर गेला. ऑडिटमध्ये तो चार्ट परत आला. त्या बाईची दुसरी डिलिव्हरी नॉर्मल झाली होती. माझा अनुभव खरा होता, पण तो त्या बाईचा नव्हता. नर्सिंगमधून, फार्मसीतून, होमिओपॅथीतून आलेल्यांना मी हे आवर्जून सांगते, कारण ज्याला वैद्यकीय ज्ञान आहे त्याचाच अंदाज जास्त सफाईदार असतो आणि म्हणून जास्त फसवतो.

वाटेत जन्मलेलं बाळ

गाळपाच्या हंगामात वाळवा तालुक्यात ऊसतोडीच्या खोपीत बाळंतपण झालं, मग बाई आणि बाळ दोघं दवाखान्यात आली. किंवा पाटणच्या डोंगरातल्या वाडीवरून निघालेली १०८ घाटातच थांबवून बाळ झालं. अमेरिकेत हीच गोष्ट हायवेवर गाडीच्या मागच्या सीटवर होते. बाळ हॉस्पिटलबाहेर जन्मलं आणि मग दाखल झालं, तर झेड३८.१, जुळं असेल तर झेड३८.४. इथं नॉर्मल-सिझर हा प्रश्न येत नाही. मात्र बाहेर म्हणजे घर, गाडी, शेत. बाळंतपणाचं केंद्र किंवा दुसरी आरोग्य संस्था यात येत नाही, ती झेड३८.० मध्येच मोडते.

आईचा चार्टही तुमच्याकडं आला असेल, तर तिथं सुरळीत बाळंतपणाचा ओ८० लावू नका. बाळंतपण या हॉस्पिटलात झालेलंच नाही. बाहेर बाळंत होऊन आली, काही गुंतागुंत नाही, फक्त देखभालीसाठी दाखल झाली, तर तिला झेड३९.०. अशा चार्टवर जन्माची वेळ दोन-तीन ठिकाणी वेगवेगळी सापडते: ॲम्ब्युलन्सच्या कागदावर एक, आपत्कालीन विभागात दुसरी. त्यातली ‘बरोबर वाटणारी’ तुम्ही निवडायची नाही. विसंगती जशी आहे तशी कळवा.

वजन आणि आठवडे

हा भाग सावकाश वाचा, कारण इथं एका ग्रॅमनं कोड बदलतो. कमी वजन आणि कमी दिवस दोन्ही पी०७ मध्ये येतात. १,००० ग्रॅमच्या आतलं बाळ पी०७.०, १,००० ते २,४९९ ग्रॅम पी०७.१. त्यातही थर आहेत: १,७५० ते १,९९९ ग्रॅम पी०७.१७, २,००० ते २,४९९ ग्रॅम पी०७.१८. आठवड्यांत, २८ पूर्ण आठवड्यांच्या आत पी०७.२, आणि २८ पासून ३७ पूर्ण व्हायच्या आतलं पी०७.३. वजन आणि आठवडे दोन्ही उपलब्ध असतील तर दोन कोड लावायचे, वजनाचा आधी, आठवड्यांचा नंतर. ३६ आठवडे ५ दिवसांचं, डॉक्टरांनी अकाली जन्म आणि कमी वजन लिहिलेलं, २,४८० ग्रॅमचं बाळ असेल, तर पी०७.१८ आणि मग पी०७.३९. पाच दिवस सोडून द्यायचे, पूर्ण झालेले आठवडे धरायचे.

वजन नर्सच्या नोंदीत ग्रॅममध्ये, घरच्यांना सांगताना पौंडांत, असं तिकडं चालतं. ५ पौंड ८ औंस ऐकायला आपल्या अडीच किलोसारखं वाटतं, पण ते होतात सुमारे २,४९५ ग्रॅम, म्हणजे रेषेच्या खाली. आणि २.५ किलो व २.०५ किलो यांत फरक फक्त एका शून्याचा आहे. घाईत ते शून्य सुटतं, हे मी पाहिलेलं आहे. दोन ठिकाणी दोन वजनं दिसली तर जन्मवेळचं कुठलं आणि दुसऱ्या-तिसऱ्या दिवसाचं कुठलं, ते तारीख-वेळेवरून वेगळं करा. पहिल्या काही दिवसांत बाळाचं वजन थोडं उतरतंच. पी०७ साठी जन्मवेळचंच वजन लागतं.

आठवड्यांबद्दल आपल्या लोकांना एक खास अडचण येते. आपण महिन्यांत मोजतो. ‘आठव्यात झालं’, ‘नववा लागला होता’, ‘नऊ महिने नऊ दिवस’. डॉक्टर मोजतात ते शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून, ४० आठवडे, २८० दिवस. ‘नववा लागला होता’ म्हणजे दिवस भरले होते, असं आजी म्हणेल, पण तेवढ्यावरून बाळ अकाली की पूर्ण दिवसांचं ते ठरत नाही. पाळीची तारीख चार्टवर दिसली म्हणून कॅलेंडर घेऊन तुम्ही हिशेब करायचा नाही. अकाली जन्माचा कोड डॉक्टरांनी तसं लिहिलं असेल तरच लावायचा, कारण ते ठरवायचे निकष सगळ्या डॉक्टरांचे एकसारखे नसतात, असं मार्गदर्शक नियमांतच नमूद आहे.

आठवडे मुळात सापडतच नाहीत असेही चार्ट येतात. आपल्याकडं याचं नेहमीचं कारण म्हणजे माहेरचं बाळंतपण. नऊ महिने तपासणी पुण्यात, कार्ड सासरी कपाटात, आणि कळा सुरू झाल्या साताऱ्यात. तिकडं आई राज्य बदलून आलेली असते किंवा तपासणीला गेलेलीच नसते. मग बालरोगतज्ज्ञ बाळ तपासून अंदाजे आठवडे लिहितात, आणि डॉक्टरांनी लिहिलेला तो अंदाज कोडिंगला चालतो. तुमचा अंदाज चालत नाही.

‘दिवसांच्या मानानं लहान’ हे निदान पी०५ मध्ये येतं. पी०५ आणि पी०७ मधले वजनाचे कोड एकत्र बसत नाहीत. वाढीच्या तक्त्यावरून बाळ लहान दिसतं म्हणून पी०५ लावणं हेही निदान करणंच झालं. डॉक्टरांचा शब्द हवा.

उपचार आहे, निदान नाही

अपुऱ्या चार्टचा हा सगळ्यात सामान्य प्रकार. काविळीत रक्तात वाढणाऱ्या बिलिरुबिनचा आकडा वाढलेला, बाळ दोन दिवस निळ्या दिव्याखाली (म्हणजे फोटोथेरपीत), नर्सच्या नोंदीत दर काही तासांनी तपासणी. आणि डॉक्टरांच्या एकाही नोटमध्ये ‘कावीळ’ हा शब्द नाही. लॅबच्या आकड्यावरून निदान कोड करता येत नाही. पण वाढलेल्या आकड्यावर उपचार झाले असतील तर विचारण्याचा पूर्ण अधिकार तुम्हाला आहे, आणि विचारलंच पाहिजे. उत्तरात कारण न देता नुसती नवजात कावीळ आली तर पी५९.९, अकाली जन्मामुळं आलेली कावीळ असेल तर पी५९.०.

उलट बाजूही आहे. नोटमध्ये एखादी गोष्ट लिहिली आहे, पण तिच्यासाठी काहीच केलं नाही. नवजात बाळाच्या बाबतीत कसोटी अशी: त्यासाठी वेगळं मूल्यमापन झालं का, उपचार झाले का, तपासण्या झाल्या का, मुक्काम वाढला का, नर्सिंगची देखरेख वाढली का, की पुढं आयुष्यात त्यासाठी वैद्यकीय लक्ष लागणार आहे? यांतलं एक जरी ‘हो’ असलं तर कोड करायचं. शेवटचा प्रश्न फक्त नवजात बाळासाठीच आहे, मोठ्या माणसाच्या चार्टला तो लागू नाही.

जंतुसंसर्गाच्या संशयाचे चार्ट जपून बघा. आईला ताप होता, बाळाला ४८ तास प्रतिजैविकं दिली, कल्चर (रक्तात जंतू वाढतात का याची तपासणी) निगेटिव्ह आलं, बाळ घरी गेलं. डॉक्टरांनी संसर्ग नाही असं लिहिलं असेल आणि बाळाला लक्षणं नसतील, तर झेड३८ नंतर झेड०५.१. लक्षणं असतील तर झेड०५ नाही, ती लक्षणं कोड करायची. डिस्चार्जच्या वेळी ‘संभाव्य सेप्सिस’ (अंगभर पसरलेला गंभीर संसर्ग) असंच राहिलं असेल, तर हॉस्पिटलच्या आंतररुग्ण कोडिंगमध्ये ते झालं असं धरून कोड करतात. आणि काहीच लिहिलं नसेल? प्रतिजैविकं दिली म्हणून सेप्सिस होता, असं नव्हे. कल्चर निगेटिव्ह म्हणून नव्हता, असंही नव्हे. विचारा.

क्वेरी कशी लिहायची

चांगली क्वेरी म्हणजे डॉक्टरांना उत्तर न सुचवता विचारलेला प्रश्न. चार्टमधले पुरावे तारखेसह मांडायचे, प्रश्न मोकळा ठेवायचा, पर्याय दिले तर सगळे वैद्यकीयदृष्ट्या शक्य असे द्यायचे, आणि शेवटी ‘इतर’ व ‘ठरवता येत नाही’ हे दोन्ही ठेवायचे. कोडमुळं पैसे किती वाढतील किंवा कमी होतील याचा उल्लेखही करायचा नाही.

‘बाळाला कावीळ होती, कृपया लिहा’ ही क्वेरी चुकीची आहे. त्याऐवजी असं लिहा: ‘दुसऱ्या दिवशी सकाळी बिलिरुबिनची नोंद अमुक. त्याच दिवशी फोटोथेरपी सुरू, चौथ्या दिवशी बंद. ज्या स्थितीसाठी हे उपचार दिले ती स्थिती आपल्या वैद्यकीय निर्णयानुसार कृपया नोंदवावी.’ बस. डॉक्टर थकलेले असतात, त्यांना दोन मिनिटांत वाचून होईल एवढीच लांबी ठेवा. मी नर्स असताना अशा चिठ्ठ्या मलाही यायच्या. ज्यात तारीख-वेळ असायची त्यांना मी आधी उत्तर द्यायचे.

जन्मलं, पण राहिलं नाही

हे मी क्लासमध्ये दार लावून शिकवते आणि घाई करत नाही. बाळात जन्मानंतर जीवनाची लक्षणं होती असं नोंदलेलं असेल, मग ते वीस मिनिटांतच गेलं असलं, तरी त्याला झेड३८ मिळतो, आणि आईच्या चार्टवर झेड३७.०, म्हणजे एक जिवंत जन्म. पोटातच गेलेल्या बाळाच्या आईला झेड३७.१. पी९५ हा कोड फक्त मृतजन्मांचे वेगळे चार्ट ठेवणाऱ्या संस्थांसाठी आहे, त्याच्यासोबत दुसरा कोणताही कोड लागत नाही, आणि तो आईच्या चार्टवर जात नाही.

अशा चार्टवर नोंदी तुटक असतात, कारण खोलीतले सगळे जण बाळाला परत आणण्यात गुंतलेले होते. पहिल्या मिनिटाचा अपगार (जन्मताच बाळाच्या स्थितीला दिलेले गुण) शून्य, पाचव्या मिनिटाचा रकाना रिकामा, पुनरुज्जीवनाची नोट अर्ध्यात थांबलेली. पहिल्या मिनिटाच्या शून्यावरून मृतजन्म ठरवू नका. हृदयाचे ठोके परत आले होते का, हे कागद सांगत नसेल तर डॉक्टरांकडूनच यायला हवं. या एका चार्टसाठी तुमचं दिवसाचं टार्गेट चुकलं तर चुकू द्या. त्या आईकडं पुढं दाखवायला एवढाच कागद असतो.

थोडं डॉक्टरांच्या बिलाबद्दल

प्रोफेशनल कोडिंग, म्हणजे डॉक्टरांच्या बिलाचं कोडिंग, करत असाल तर तिथं डॉक्टरांच्या सेवेचे वेगळे कोड लागतात: निरोगी बाळाच्या पहिल्या दिवसाच्या तपासणीला ९९४६०, नंतरच्या दिवसाला ९९४६२. एकाच तारखेला दाखल आणि घरी, तर ९९४६३. डिलिव्हरीला हजर राहण्याचा ९९४६४ आणि पुनरुज्जीवनाचा ९९४६५ एकत्र लावत नाहीत. इथला अपुरेपणा बहुधा तारखेचा किंवा सहीचा असतो. सही नसलेल्या नोटवर बिल पुढं पाठवू नका.

आणि एक. चार्ट समजला नाही म्हणून स्क्रीनचा फोटो काढून अभ्यासाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकू नका. बाळाचं नाव झाकलं तरी तारीख, वजन, हॉस्पिटल दिसतंच. रुग्णाची माहिती गुप्त ठेवायला लावणाऱ्या अमेरिकेच्या १९९६ च्या हिपा कायद्यात हे बसत नाही. प्रश्न स्वतःच्या शब्दांत लिहून विचारा, रविवारी मीही तसंच उत्तर देते.

सीपीसीची, म्हणजे कोडरच्या प्रमाणपत्राची, परीक्षा देणार असाल तर शंभर प्रश्न, चार तास, सत्तर टक्क्यांना पास. पास झाल्यावर अनुभव होईपर्यंत नावापुढं शिकाऊ दर्जाचा ‘ए’ राहतो. दर वर्षी १ ऑक्टोबरला आयसीडीचे नवे कोड लागू होतात, म्हणून सेकंडहँड पुस्तक घेताना वर्ष बघून घ्या. आणि क्वेरीत अडकलेल्या चार्टसाठी एक साधी वही घाला: क्लायंटनं दिलेला काम क्रमांक, काय विचारलं, कुठल्या तारखेला. रुग्णाचं नाव त्यात नको. सकाळी लॉगिन केलं की नवा चार्ट उघडायच्या आधी ती वही उघडा, उत्तर आलं असेल ते बाळ आधी पूर्ण करा.